पन्नास वाकड्या सह्या

जीबीएस या मज्जातंतूंच्या आजाराने माझ्या हातापायांतली शक्ती काही आठवड्यांसाठी काढून घेतली आणि मग थोडी थोडी करून परत दिली. आजाराचे शास्त्र तुम्हांला तुमचे डॉक्टर सांगतील. माझ्यासारखे जे विद्यार्थी वर्ष चालू असताना आडवे झाले आहेत, त्यांच्यासाठी मी हे लिहिते आहे. कारण शरीर बरे होऊन परत येते तेव्हा कॉलेजच्या कपाटातली कागदपत्रे आपल्याला ओळखतीलच, याची खात्री कोणी देत नाही. मला त्यांनी ओळखले नाही.

अंगठा

मी सूक्ष्मजीवशास्त्राच्या एम.एस्सी.च्या शेवटच्या सत्रात होते. एका संशोधन संस्थेत प्रकल्प सहायक म्हणून माझी निवड झाली होती. अट एकच, उन्हाळ्यातली अंतिम परीक्षा उत्तीर्ण होणे. निवडीचे पत्र मी पुण्यात विश्रांतवाडीच्या आमच्या घरी, अभ्यासाच्या टेबलासमोर चिकटवून ठेवले होते.

फेब्रुवारीतल्या एका प्रात्यक्षिकाला माझ्याच्याने मायक्रोपिपेटचे बटण दाबले जाईना. मी पिपेट बदलली. दुसरीही दाबेना. तिसरी घेतल्यावर निष्कर्ष टाळणे शक्य नव्हते: उपकरणे ठीक आहेत, अंगठा बिघडला आहे. तिसऱ्या मजल्यावरून खाली उतरले तेव्हा मागून प्रणाली आली. तिच्या हातात माझी एक चप्पल होती.

"काय वो मॅडम, चप्पल दान केली काय जिन्याले?"

प्रणाली यवतमाळची. कर्वेनगरच्या एका वसतिगृहात राहायची, आमच्या वर्गाची प्रतिनिधी होती आणि माझी सर्वांत जवळची मैत्रीण. मी हसले. पण पायातून चप्पल निघून गेल्याचे मला कळले नव्हते, ही गोष्ट बसमध्ये बसल्यावर एकदम अंगावर आली. दुसऱ्या दिवशी सकाळी दात घासायचा ब्रश हातातून तीनदा पडला आणि बाबांनी रिक्षा बोलावली.

मेंदूविकारतज्ज्ञांनी हातोडीने गुडघ्यावर तीनदा ठोकले. पाय हलला नाही. दुसऱ्या कोणाचा गुडघा पाहावा, तसा मी तो पाहत होते.

"सायन्सची आहेस ना? मग आडवळणाने सांगत नाही," डॉक्टर म्हणाले आणि त्यांनी सांगितले. बाबा विमा कार्यालयात नोकरी करतात. ऐकलेले लगेच लिहून घेण्याची त्यांना सवय आहे. त्यांनी खिशातल्या लिफाफ्याच्या मागे आजाराचे नाव लिहिले, डॉक्टरांकडून तपासून घेतले आणि विचारले, "आणि हिची परीक्षा? मे महिन्यात आहे."

"आधी हिचा श्वास बघू द्या. परीक्षा नंतर."

एका श्वासात

या आजारात अशक्तपणा पायांकडून वर चढतो. तो छातीपर्यंत चढेल का, ही खरी भीती. अतिदक्षता विभागात दर काही तासांनी परिचारिका येऊन म्हणायची, "खोल श्वास घे आणि एका दमात मोज." पहिल्या दिवशी मी एकतीसपर्यंत पोचले. दुसऱ्या दिवशी चोवीस. तिसऱ्या दिवशी सकाळी सतरा, संध्याकाळी चौदा. मला आकडे आवडतात, पण आपला आकडा कमी होत जाताना ऐकणे फार वेगळे असते. आई काचेपलीकडून माझे ओठ पाहून मोजायची. ती शाळेत गणित शिकवते. चौदावर मी थांबले तेव्हा तिचे ओठ पंधरा म्हणून गेले.

चौदा दीड दिवस तसाच राहिला. मग पंधरा झाला. मला आजवर बरीच बक्षिसे मिळाली आहेत. त्या पंधराइतका अभिमान मला त्यांतल्या एकाचाही वाटलेला नाही.

तिथल्या एक मावशी रोज दुपारी माझे केस विंचरून घट्ट वेणी घालून द्यायच्या. त्यांना कोणी सांगितले नव्हते. "झोपलेल्या माणसाच्या केसांचा गुंता बघवत नाही मला," एवढेच कारण त्यांनी दिले. वेणी घालून झाली की मी रुग्ण कमी आणि मुलगी जास्त असायचे.

चमचा

एकोणीस दिवसांनी घरी आले, चाकाच्या खुर्चीतून. पुढचे तीन आठवडे विश्रांतीचे होते, आणि ते रुग्णालयापेक्षा अवघड गेले. तिथे सगळेच आजारी होते. घरी मी एकटीच होते. आई भरवायची. मी चमचा हातात घ्यायचा हट्ट करायचे, वरण गादीवर सांडायचे आणि मग आम्ही दोघी एकमेकींवर चिडायचो.

बाबांचे म्हणणे, यंदाचे सत्र सोडून द्यावे. आईचे म्हणणे, मुलगी मनाने उभी आहे तोवर तिला बस म्हणू नये. "अहो, ती तुमची फाइल नाहीये, बंद करून ठेवायला," एकदा ती म्हणाली. त्यानंतर दोन दिवस दोघे माझ्या औषधांपुरतेच एकमेकांशी बोलले.

व्यायाम शिकवायला अनघाताई यायच्या. त्यांच्याकडे हाताची पकड मोजायचे एक उपकरण होते. मुठीत दाबले की काटा सरकतो. पहिल्या दिवशी काटा जागचा हलला नाही. त्यांनी शाळेच्या वहीत तारीख घातली आणि पुढे शून्य लिहिले. "शून्यसुद्धा लिहायचं," त्या म्हणाल्या. "नाहीतर पुढे किती आलो ते कशावरून कळणार?" त्या वहीचे महत्त्व मला तेव्हा कळले नाही.

तिसरा मजला

एप्रिलमध्ये मी कॉलेजला परत गेले. लिफ्ट नाही, वर्ग तिसऱ्या मजल्यावर. एकेका पायरीवर दोन्ही पाय टेकवत चढायचे. अर्धा तास आधी पोचायचे आणि तासिकेला वेळेवर बसायचे, हा माझा नियम होता. एकदा जिन्यात पडले आणि त्या दिवशीच्या दोन तासिका गेल्या. एकदा बसमध्ये चढता आले नाही, थांब्यावरूनच परतले. आणखी दोन गेल्या. एकूण चोपन्नपैकी पन्नास तासिकांना मी हजर होते.

आमच्याकडे हजेरीचा कागद बाकावरून बाकावर फिरतो आणि जो तो आपल्या नावापुढे सही करतो. माझी पूर्वीची सही देखणी होती: 'गार्गी'वरचा रफार पार मागे नेलेला आणि खाली दोन समांतर रेघा. आता मी पेन मुठीत धरत होते. पहिल्या दिवशी कागदावर जे उमटले ते सहीपेक्षा झटापटीची खूण वाटेल असे होते. मागच्या बाकावरचा मुलगा कागदाची वाट बघत थांबला होता. मी घाई केली नाही. ती सही मला माझ्या जुन्या सहीपेक्षा अधिक माझी वाटली.

सही जुळत नाही

परीक्षेला बसायला पंचाहत्तर टक्के हजेरी लागते. आजारपण असेल तर प्राचार्य साठपर्यंत सूट देऊ शकतात. साठच्या खाली तो अधिकार कोणालाच नाही. मी रुग्णालयाची प्रमाणपत्रे जोडून सवलतीचा अर्ज केला. आठवड्याने बोलावणे आले.

कार्यालयातल्या बाबूंनी हजेरीपत्रके समोर पसरली. "सही जुळत नाही."

"आजारामुळे हात…"

"ते तुम्ही समितीला सांगा. आम्हांला कागद दिसतो."

समितीने कागद पाहून काढलेला निष्कर्ष असा: रुग्णालयातून आल्यावर ही विद्यार्थिनी काही दिवस वर्गात आली, त्या सह्या तिच्याच आहेत. पुढे ती आलीच नाही आणि दुसऱ्याच कोणीतरी तिच्या नावापुढे वेड्यावाकड्या सह्या केल्या. त्या पन्नास वगळल्यास हजेरी बेचाळीस टक्के. परीक्षेस अपात्र, शिवाय गैरप्रकाराची नोंद.

"सर, एप्रिलमध्ये मी तुमच्यासमोर बसत होते," मी समितीतल्या एका प्राध्यापकांना म्हणाले.

"मला आठवतं गं," ते खाली बघत म्हणाले. "पण आठवण हा पुरावा नसतो. पत्रक हा पुरावा असतो."

मी पत्रके हातात घेतली. मी घरी पडून होते त्या तीन आठवड्यांत, ज्या दिवसांत वहीत शून्य आणि शून्याच्या आसपासचे आकडे होते, माझ्या नावापुढे अठरा सह्या होत्या. रफार मागे नेलेला. दोन रेघा समांतर. माझ्या हातून कधीच आल्या नसत्या इतक्या सुबक.

प्रणालीला मी वसतिगृहाच्या फाटकाबाहेर बोलावले. तिने काहीच नाकारले नाही.

"मले वाटलं, तू आज येशील, उद्या येशील. आल्यावर हजेरी कमी पडली तं? तू तिथं चमचा उचलू शकत नाहीस अन् मी इथं एक सही उचलू शकत नाही काय?" आणि मग रडत, "आजवर मी तुह्या सहीले एक डाव चुकली नाही. चुकली असती तं बरं झालं असतं."

मला तिच्यावर ओरडायचे होते. पण हे पुण्यातल्या कोणत्याही वर्गात मैत्रीचे साधे एकक आहे, आणि दोन वर्षांत मीही तिच्या नावापुढे दोनदा सही केली होती. आमच्यात एकमेकींची सही येणे म्हणजे घराची किल्ली असण्यासारखे. तिने प्रेमाने केलेल्या अठरा सह्या खऱ्या ठरल्या होत्या आणि मी जिवाच्या आकांताने केलेल्या पन्नास खोट्या.

आलेख

आम्ही उच्च न्यायालयात जायचे ठरवले. आमच्या वकील कानडेबाई सदाशिव पेठेतल्या. बोलणे मोजके आणि तिखट. समितीचा निर्णय वाचून त्या म्हणाल्या, "वा! तुमच्या कॉलेजला हस्ताक्षरतज्ज्ञाची गरजच नाही. बाबू आहेत ना." मग चष्मा काढून मला विचारले, "या पन्नास सह्या तुझ्याच, हे कशावरून?"

मला वही आठवली. त्या रात्री मला झोप आली नाही, आणि सकाळी मी आलेखाचा कागद काढला. आडव्या अक्षावर तारखा, उभ्या अक्षावर हाताची पकड. त्याच तारखांखाली त्या त्या दिवशीच्या सहीची छायाप्रत चिकटवली. पकड वाढत जाते तशी सही सरळ होत जाते: पहिल्या आठवड्यात रेघ तुटते, तिसऱ्यात रफार दिसू लागतो, शेवटी एक तिरकी रेघही येते. खोटी सही करणारा माणूस असा दिवसागणिक बरा होत नाही.

आणि त्याच आलेखाच्या डाव्या टोकाला, पकड शून्य असलेल्या जागी, त्या अठरा सुंदर सह्या यायला हव्या होत्या.

गणित सोपे होते. सत्रात दोनशे तासिका झाल्या. आजाराआधीच्या सहासष्ट आणि नंतरच्या पन्नास, म्हणजे माझ्या खऱ्या एकशे सोळा. अठ्ठावन्न टक्के. साठ टक्क्यांना चार तासिका कमी. नेमक्या त्या चार, जिन्याच्या आणि बसच्या. अठरा धरल्या तर सदुसष्ट टक्के, आणि परीक्षा.

"आलेख एप्रिलपासून सुरू कर," बाबा म्हणाले. आयुष्यात कधी फॉर्ममध्ये खोटी माहिती न भरलेला हा माणूस. "तुला फक्त पन्नास सिद्ध करायच्या आहेत. अठराबद्दल कोणी विचारलेलंच नाही. आपण खोटं बोलत नाहीये, आपण… अलीकडून सुरू करतोय."

टेबलासमोरचे पत्र त्यांनाही रोज दिसत होते.

"बाबा, शून्य लिहिलं नाही तर किती आले ते कळणार कशावरून?"

मग त्यांनी डिंकाची बाटली माझ्याकडे सरकवली. पहिल्या अठरा छायाप्रती आम्ही दोघांनी मिळून चिकटवली.

कानडेबाईंनी पूर्ण आलेख पाहिला. "तुला कळतंय ना, हा तुझ्या बाजूचा पुरावा आहे आणि तुझ्या विरुद्धचाही?"

"एकच आहे."

"मैत्रिणीचं नाव?"

"मी देणार नाही."

ते मला द्यावे लागले नाही. दोन दिवसांनी प्रणाली स्वतःच त्यांच्या कार्यालयात गेली आणि शपथपत्रावर सही करून आली, तिच्या स्वतःच्या नावाची. कॉलेजने तिच्याकडून लेखी माफी घेतली आणि वर्गप्रतिनिधीपद काढले. "माह्या बापानं विचारलं, काहून केलं? म्हटलं, करताना डोकं नव्हतं, सांगताना होतं."

याच कॉलेजात

न्यायालयाने मला तात्पुरती परवानगी दिली: परीक्षेला बसावे, निकाल बंद राहावा. चार उत्तरपत्रिका मी दुखऱ्या हाताने लिहिल्या. प्रत्येक पानानंतर पेन खाली ठेवून बोटे उघडायची, मिटायची, पुन्हा पेन घ्यायचे. मला सगळी उत्तरे येत होती; हाताला सगळी पोचवता आली नाहीत.

अंतिम सुनावणीला मी मुंबईला गेले. आपला क्रमांक येईपर्यंत मी एका श्वासात मनातल्या मनात मोजत होते, अडतीसपर्यंत गेले. न्यायमूर्तींनी आलेख उलगडून बराच वेळ पाहिला. कानडेबाईंचा इंग्रजी युक्तिवाद संपल्यावर त्यांनी मान वर केली आणि मला मराठीत विचारले, "हा एप्रिलपासून सुरू केला असता तर तुमचं काम झालं असतं. लक्षात आलं नव्हतं का?"

"आलं होतं."

"मग?"

"गैरसोयीची निरीक्षणं वगळायची नाहीत, असं शिकवलं आहे."

"कुठे?"

"याच कॉलेजात."

न्यायालयात कोणी हसले असावे. कॉलेजचे वकील हातातले कागद नीट करू लागले.

निकालात तीन गोष्टी होत्या. पन्नास वाकड्या सह्या याचिकाकर्तीच्याच आहेत. गैरप्रकाराची नोंद रद्द करावी. परंतु अठ्ठावन्न म्हणजे साठ नव्हे. नियमाची खालची मर्यादा न्यायालय सहानुभूतीने आणखी खाली आणू शकत नाही. बंद निकाल उघडू नये. सत्र पुन्हा करावे.

मी हरले होते. बाहेर व्हरांड्यात मी रडले, आणि ते लपवणार नाही. संस्थेतली जागा गेली. चार तासिकांसाठी एक वर्ष गेले. आजारी माणसाची अनुपस्थिती आणि आळशी माणसाची अनुपस्थिती एकाच छेदाने भागणारा हा नियम मला आजही पुरेसा शहाणा वाटत नाही, आणि तो बदलावा म्हणून मी विद्यापीठाला लिहिलेही आहे. पण आई निकालाची प्रत वाचत होती. पहिल्या मुद्द्यावर तिने बोट ठेवले आणि गाडी पुण्यात शिरेपर्यंत ते काढले नाही.

तुम्हांला म्हणून

तुम्ही आता खाटेवर असाल तर एवढे करा. पहिल्याच आठवड्यात घरच्यांकडून कॉलेजला लेखी कळवा आणि पोच घ्या. व्यायाम शिकवणाऱ्यांना तारीखवार नोंद ठेवायला सांगा, शून्यासकट. परत गेलात की पहिल्याच दिवशी तुमची बदललेली सही कार्यालयात नोंदवा. आणि ज्या मैत्रिणीचा तुमच्यावर सर्वांत जास्त जीव आहे, तिला आधी बजावा: माझी सही करू नकोस.

सत्र मी पुढच्या तुकडीबरोबर पुन्हा केले. लिफ्ट अजून झालेली नाही. दोनशेपैकी एकशे सत्त्याण्णव तासिकांना मी हजर होते आणि त्या सगळ्या सह्या वाकड्या होत्या. आता मी दुसऱ्या एका प्रयोगशाळेत काम करते. अंगठा पिपेटचे बटण दाबतो. हात इतका सुधारला आहे की मनात आणले तर जुनी देखणी सही मला जमते. मी मनात आणत नाही. बँकेत, पारपत्रावर, सगळीकडे नवीच नोंदवली आहे.

प्रणाली आता हिंजवडीत एका औषध कंपनीच्या गुणवत्ता विभागात आहे. नोंदवहीत दुसऱ्याची सही केली तर तिथे नोकरी जाते, हे ती स्वतःच हसत सांगते. मागच्या रविवारी ती घरी आली तेव्हा मी माझ्या पहिल्या प्रकल्प अहवालावर सही करत होते. तिने ती पाहिली, पेन माझ्या हातातून घेतले आणि एका कोऱ्या कागदावर तशी करून पाहिली. मग पुन्हा एकदा. तिसऱ्यांदा तर तिने पेन मुठीत धरले. तिन्ही सह्या माझ्या सहीशेजारी ठेवून तिने निरखून पाहिल्या आणि पेन टेबलावर ठेवले.

"नाही बा," ती म्हणाली. "हे नाही जमत मले."